पीक विम्याचा नाकारलेला दावा : योजनेची रचना आणि न्यायालयीन दाद

तत्कालीन उस्मानाबाद, म्हणजे आजच्या धाराशिव जिल्ह्यात २०२० च्या खरीप हंगामात सोयाबीन काढणीला आले असतानाच ऑक्टोबर महिन्यात अतिवृष्टी झाली. प्रधानमंत्री पीक विमा योजनेखाली हप्ता भरलेल्या लाखो शेतकऱ्यांना त्यानंतर भरपाई मिळाली नाही. नुकसान झाल्यापासून ७२ तासांच्या आत त्यांनी विमा कंपनीला वैयक्तिक सूचना दिली नव्हती, हे त्याचे मुख्य कारण सांगण्यात आले. शेतकरी उच्च न्यायालयात गेले. मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने ६ मे २०२२ रोजी बजाज अलियान्झ या विमा कंपनीला ३,५७,२८७ शेतकऱ्यांना सहा आठवड्यांत भरपाई देण्याचा आदेश दिला. कंपनीने त्याविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात दिलेले आव्हान सप्टेंबर २०२२ मध्ये फेटाळले गेले.

या निकालाचे स्वागत सर्वत्र झाले. तथापि कृषी अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्याने त्यापुढे जाऊन एक प्रश्न विचारला पाहिजे. पीक विम्याचे काही दावे न्यायालयात टिकतात आणि काही टिकत नाहीत, असे का होते? न्यायाधीशांची सहानुभूती किंवा वकिलांचे कौशल्य एवढ्याने याचे उत्तर मिळत नाही. भरपाई कोणत्या पुराव्यावर ठरते आणि तो पुरावा कोणाच्या ताब्यात असतो, यावर दाव्याचे भवितव्य बव्हंशी अवलंबून असते. आणि हे योजनेच्या मूळ रचनेतूनच ठरून जाते. म्हणून प्रारंभ रचनेपासून करणे इष्ट होईल.

व्यक्तीकडून क्षेत्राकडे

आपल्या देशात पीक विम्याचा विचार जुना आहे. म्हैसूर संस्थानातील जे. एस. चक्रवर्ती यांनी १९२० मध्येच पावसावर आधारित कृषी विम्याची योजना ग्रंथरूपाने मांडली होती. प्रत्यक्ष प्रयोगास मात्र १९७२-७३ साल उजाडावे लागले. गुजरातमध्ये एच-४ या संकरित कापसासाठी प्रत्येक शेतकऱ्याचे नुकसान स्वतंत्रपणे मोजून भरपाई देण्याचा तो प्रयोग होता. पुढे तो आणखी काही पिकांना व राज्यांना लागू झाला आणि १९७८ पर्यंत चालला. त्यात केवळ ३,११० शेतकरी सहभागी झाले, हप्त्यापोटी ४.५४ लाख रुपये जमा झाले आणि भरपाईपोटी ३७.८८ लाख रुपये द्यावे लागले. लहान लहान तुकड्यांत विभागलेल्या शेतीत प्रत्येक शेताचे उत्पादन मोजणे प्रशासनाला झेपणारे नव्हते. शिवाय आपल्या पिकाची निगा किती राखायची हे शेतकऱ्याच्याच हाती असल्याने, विमा उतरवल्यावर निष्काळजीपणा वाढण्याचा धोकाही होता. अर्थशास्त्रात ज्याला नैतिक जोखीम म्हणतात ती हीच.

पुण्याच्या गोखले राज्यशास्त्र व अर्थशास्त्र संस्थेतील प्रा. वि. म. दांडेकर यांनी १९७६ मध्ये या कोंडीवर उपाय सुचवला. विम्याचा घटक व्यक्ती न मानता सर्वसाधारणपणे एकसारखे हवामान व जमीन असलेले क्षेत्र मानावे, त्या क्षेत्राचे सरासरी उत्पादन पीक कापणी प्रयोगांनी ठरवावे आणि ते ठरावीक पातळीखाली गेल्यास त्या क्षेत्रातील सर्व विमाधारकांना एकाच दराने भरपाई द्यावी, अशी ती मांडणी होती. एका शेतकऱ्याने हलगर्जीपणा केला तरी क्षेत्राची सरासरी बदलत नाही. त्यामुळे नैतिक जोखीम उरत नाही आणि मोजणीचा खर्चही आवाक्यात राहतो. १९७९ चा पथदर्शी प्रयोग, १९८५ ची सर्वंकष पीक विमा योजना, १९९९-२००० च्या रब्बी हंगामापासूनची राष्ट्रीय कृषी विमा योजना आणि २०१६ च्या खरिपापासूनची प्रधानमंत्री पीक विमा योजना या सर्वांचा पाया हाच आहे. भारतीय पीक विम्याचे जनक म्हणून दांडेकरांचे नाव घेतले जाते ते यामुळे.

क्षेत्राधारित तत्त्वाने आर्थिक प्रश्न सुटला असे मात्र नव्हे. सर्वंकष योजनेच्या काळात, म्हणजे १९९९ पर्यंत, हप्त्यापोटी सुमारे ४०३ कोटी रुपये जमा झाले, तर भरपाईपोटी सुमारे २,३०३ कोटी रुपये देण्यात आले. आजच्या योजनेत हप्ता विमाशास्त्रीय पद्धतीने ठरतो. शेतकऱ्याचा वाटा खरीप पिकांसाठी कमाल २ टक्के, रब्बीसाठी १.५ टक्के व नगदी आणि फळपिकांसाठी ५ टक्के असून उर्वरित भार केंद्र व राज्य सरकारे उचलतात. या वाटणीचा आपल्या विषयाशी निकटचा संबंध आहे. हप्त्याचा मोठा भाग ज्याने दिला नाही त्याला ग्राहक म्हणता येईल काय, असा बचाव पुढे न्यायालयात घेतला जातो.

एका उदाहरणातून

भरपाईचे सूत्र विद्यार्थ्यांना पाठ असते. उंबरठा उत्पादनातून प्रत्यक्ष सरासरी उत्पादन वजा करावे, बाकीला उंबरठा उत्पादनाने भागावे आणि आलेल्या गुणोत्तराला विमा संरक्षित रकमेने गुणावे. त्याचा अर्थ मात्र उदाहरणावाचून उमगत नाही.

समजा, एका महसूल मंडळात सोयाबीनच्या मागील ७ वर्षांतील सर्वोत्तम ५ वर्षांची सरासरी हेक्टरी १५ क्विंटल आहे व जोखीमस्तर ८० टक्के आहे. म्हणजे उंबरठा उत्पादन १२ क्विंटल झाले. या वर्षी पीक कापणी प्रयोगांतून सरासरी ९ क्विंटल निघाली. तूट ३ क्विंटलची, म्हणजे उंबरठ्याच्या २५ टक्के. विमा संरक्षित रक्कम हेक्टरी ५०,००० रुपये धरल्यास मंडळातील प्रत्येक विमाधारकाला हेक्टरी १२,५०० रुपये मिळतील. ज्याचे पीक पूर्ण गेले त्यालाही तेवढेच आणि ज्याला १४ क्विंटल झाले त्यालाही तेवढेच.

आता हीच सरासरी १२.५ क्विंटल निघाली असे समजा. मग कोणालाही काहीही मिळणार नाही. ओढ्याकाठच्या ज्या शेतकऱ्याचे शेत पाण्याखाली गेले त्याच्या दृष्टीने हा 'नाकारलेला दावा' असतो. योजनेच्या भाषेत दावा उद्भवलेलाच नसतो. जोखीमस्तर ८० टक्के असताना सरासरीतील पहिली २० टक्के घट शेतकऱ्यानेच सोसायची असते, हेही फारसे कोणी त्याला समजावून सांगत नाही. नियंत्रक व महालेखापरीक्षकांच्या २०१७ मधील अहवालात, पाहणी केलेल्या शेतकऱ्यांपैकी सुमारे दोनतृतीयांश शेतकऱ्यांना योजनांची माहितीच नसल्याचे नोंदवले आहे. न्यायालयात जाणाऱ्या तक्रारींपैकी काही तक्रारी या अज्ञानातून येतात व त्या टिकत नाहीत, हे स्पष्टपणे सांगितले पाहिजे.

शेतकऱ्याचे स्वतःचे नुकसान आणि क्षेत्राची सरासरी यांतील या अंतराला आधारभूत जोखीम म्हणतात. ती कमी करण्यासाठीच प्रधानमंत्री पीक विमा योजनेने क्षेत्राधारित चौकटीत काही वैयक्तिक स्वरूपाची संरक्षणे घातली. गारपीट, भूस्खलन, ढगफुटी, शेत जलमय होणे, नैसर्गिक आग या स्थानिक आपत्ती आणि काढणीनंतर शेतात सुकण्यासाठी पसरलेल्या पिकाचे १४ दिवसांपर्यंतचे नुकसान, ही ती संरक्षणे होत. ओढ्याकाठच्या त्या शेतकऱ्याला आधार मिळायचा तो येथेच. पण येथे क्षेत्राची सरासरी चालत नाही. त्याच्या शेतात काय घडले ते दाखवावे लागते. दांडेकरांनी १९७६ मध्ये टाळलेला मोजणीचा प्रश्न अशा रीतीने मागच्या दाराने परत आला आणि त्याच्यासोबत ७२ तासांची अट आली.

७२ तासांचा अर्थ

मूळ योजनेत ही मुदत ४८ तासांची होती. २०१८ च्या सुधारणांनी ती ७२ तास झाली. सूचनेचा हेतू सरळ आहे. पाणी ओसरण्यापूर्वी आणि शेत नांगरले जाण्यापूर्वी पाहणी व्हावी, खोटे दावे ओळखता यावेत. विम्यात माहितीची विषमता असते आणि ती कमी करण्याचे साधन म्हणून अशी अट समर्थनीय आहे.

परंतु अटीचा हेतू एक आणि वापर दुसरा, असे घडू शकते. पाहणी वेळेत व्हावी यासाठी असलेली अट भरपाई टाळण्याचे साधन बनली की न्यायालये तिच्याकडे वेगळ्या दृष्टीने पाहतात. विमा नियामकाने २० सप्टेंबर २०११ रोजीच परिपत्रक काढून, केवळ सूचना देण्यास विलंब झाला म्हणून खरे दावे यांत्रिकपणे नाकारू नयेत, असे कंपन्यांना सांगितले होते. २०१७ मध्ये ओमप्रकाश विरुद्ध रिलायन्स जनरल इन्शुरन्स या वाहनचोरीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तीच भूमिका घेतली. विलंबाचे समाधानकारक स्पष्टीकरण असेल आणि दावा खरा असल्याचे दिसत असेल, तर तो तांत्रिक कारणावर फेटाळता येणार नाही, असे न्यायालयाने म्हटले. हे प्रकरण शेतीचे नव्हते. तत्त्व मात्र सर्व विम्यांना लागू पडते.

उस्मानाबादच्या प्रकरणाचे महत्त्व या पार्श्वभूमीवर ध्यानात येते. तेथे महसूल व कृषी यंत्रणेने केलेले पंचनामे अस्तित्वात होते. नुकसान झाले हे शासनाच्या दप्तरातच नोंदलेले होते. शिवाय योजनेच्या मार्गदर्शक सूचनांतच अशी तरतूद आहे की, विमा घटकातील विमा उतरवलेल्या क्षेत्रापैकी २५ टक्क्यांहून अधिक क्षेत्र स्थानिक आपत्तीने बाधित झाल्यास त्या घटकातील सर्व पात्र विमाधारकांचे नुकसान झाले असे मानावे आणि नमुना पाहणीवरून भरपाई ठरवावी. ही तरतूद विद्यार्थ्यांनी विशेष लक्षात ठेवावी. नुकसान व्यापक असेल तर प्रत्येकाने स्वतंत्र सूचना देण्याची गरज राहत नाही, असा तिचा तर्कशुद्ध अर्थ होतो. तीन लाखांहून अधिक शेतकऱ्यांनी तीन दिवसांत दूरध्वनी किंवा अॅपवरून संपर्क साधावा, ही अपेक्षा कागदावर कितीही रास्त दिसली तरी अतिवृष्टीने वीज व रस्ते बंद पडलेल्या भागात ती व्यवहार्य नसते.

येथे शेतकरी जिंकले ते पुरावा शासकीय दप्तरात तयार होता म्हणून. ज्यांचा पंचनामा झाला नाही, ज्यांनी सूचना दिली नाही आणि ज्यांच्या शेजाऱ्यांचेही फारसे नुकसान झाले नाही, अशा एकट्या शेतकऱ्याला हा निकाल फारसा उपयोगी पडणार नाही. निकालाची व्याप्ती वाजवीपेक्षा मोठी मानण्याची चूक उत्तरपत्रिकेत करू नये.

बँकेची वही

वादांचा दुसरा मोठा गट बँकांशी निगडित आहे. २०२० च्या खरिपापूर्वी अधिसूचित पिकासाठी कर्ज घेणाऱ्या शेतकऱ्याला विमा सक्तीचा होता. बँक कर्जखात्यातून हप्ता परस्पर कापून घेई. अनेकदा शेतकऱ्याला याची कल्पनाही नसे. त्यानंतर योजना ऐच्छिक झाली. परंतु कर्जदार शेतकऱ्यांची माहिती पोर्टलवर भरण्याचे काम बँकेकडेच राहिले. येथे चुका होतात. हप्ता कापला पण कंपनीकडे पाठवला नाही. पाठवला पण मुदत उलटल्यावर. सोयाबीनऐवजी दुसरे पीक लिहिले. गावाचे नाव चुकले आणि शेत दुसऱ्याच विमा घटकात गेले. भरपाई जाहीर झाली की शेजाऱ्याच्या खात्यात रक्कम येते आणि याच्या खात्यात येत नाही, तेव्हा चूक उघडकीस येते. तोवर हंगाम संपून महिने उलटलेले असतात.

अशा प्रकरणांत विमा कंपनी म्हणते, आमच्याकडे हप्ता आला नाही, म्हणून करारच झाला नाही. बँक म्हणते, आम्ही केवळ मध्यस्थ. राष्ट्रीय कृषी विमा योजनेपासून आजच्या योजनेपर्यंतच्या मार्गदर्शक सूचनांत याचे उत्तर स्पष्ट आहे. बँकेच्या किंवा प्राथमिक सहकारी पतसंस्थेच्या चुकीमुळे वा हलगर्जीपणामुळे शेतकरी लाभापासून वंचित राहिला तर त्याची भरपाई त्या संस्थेनेच करायची आहे. त्यामुळे तक्रारीत बँक व विमा कंपनी या दोघांनाही प्रतिवादी करणे हाच शहाणपणाचा मार्ग ठरतो. एकाने दुसऱ्याकडे बोट दाखवले तरी दोघांपैकी एकावर जबाबदारी निश्चित होतेच. शेतकऱ्याच्या दृष्टीने ही वादांतली सर्वात सोपी बाजू आहे. पुरावा म्हणून खातेउतारा पुरेसा असतो. हप्ता कापल्याची तारीख आणि रक्कम त्यात छापलेली असते आणि बँकेला आपली वही नाकारता येत नाही.

या तरतुदीचे मोल कळण्यासाठी अमेरिकेतील एक गाजलेले प्रकरण आठवावे. आयडाहो राज्यातील मेरिल बंधूंनी १९४५ मध्ये ४६० एकर वसंत गव्हाचा विमा संघीय पीक विमा महामंडळाकडे उतरवला. त्यांतील ४०० एकरांवर आधी हिवाळी गहू होता व तेथे पुन्हा पेरणी केली आहे, हे त्यांनी स्थानिक समितीला सांगितले होते. सर्व पीक विमापात्र आहे, असे समितीने त्यांना सांगितले. दुष्काळात पीक गेल्यावर महामंडळाने नियमावर बोट ठेवले : अशी पुनर्पेरणी विम्यात बसत नाही आणि नियम राजपत्रात प्रसिद्ध झालेले आहेत. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १९४७ मध्ये ५ विरुद्ध ४ अशा मताधिक्याने महामंडळाची बाजू उचलून धरली. शासनाशी व्यवहार करणाऱ्याने अधिकाऱ्याच्या अधिकाराची मर्यादा स्वतः जाणून घेतली पाहिजे, असा त्याचा आशय. स्थानिक प्रतिनिधीच्या चुकीचा भार तेथे शेतकऱ्यावर पडला. आपल्या योजनेने बँकेच्या बाबतीत तो भार चूक करणाऱ्यावर टाकला आहे. ही तरतूद आपल्याकडे फारशी चर्चिली जात नाही. प्रस्तुत लेखकाच्या मते योजनेतील सर्वात न्याय्य कलमांपैकी ती एक आहे.

सरासरीचा आकडा कोणी तपासावा?

खरी अडचण येते ती तिसऱ्या गटात. आमच्या मंडळाचे सरासरी उत्पादन चुकीचे दाखवले, असे शेतकऱ्याचे म्हणणे असते. गावात पीक हातचे गेलेले सर्वांना दिसते आणि पीक कापणी प्रयोगाचा आकडा मात्र उंबरठ्याच्या वर निघतो.

विमा घटक ग्रामपंचायत असेल तेथे प्रमुख पिकासाठी किमान ४ प्रयोग घ्यावे लागतात. घटक महसूल मंडळ असेल तर १०. यादृच्छिक पद्धतीने निवडलेल्या शेतात ठरावीक मापाचा तुकडा आखून त्यातील पीक कापले, मळले व तोलले जाते. संख्याशास्त्राच्या दृष्टीने ही पद्धत मान्यताप्राप्त आहे, परंतु नमुना लहान आहे. चारांपैकी एक शेत ओलिताचे निघाले तरी सरासरी उंचावते. प्रयोग ठरल्या वेळी, ठरल्या शेतात झाला की नाही, हा तर वेगळाच प्रश्न.

शेतकऱ्याने याला आव्हान द्यायचे ठरवले तर त्याच्या हाती काय असते? कापलेले पीक विकले गेलेले असते. शेत पुढच्या हंगामासाठी नांगरलेले असते. प्रयोगाचे तक्ते कृषी व महसूल विभागाकडे असतात. विमा कंपनीला प्रयोगाच्या वेळी प्रतिनिधी पाठवता येतो. आकड्यांवर आक्षेप घेता येतो. वाद राज्यस्तरीय तांत्रिक सल्लागार समितीकडे व तेथून केंद्राच्या समितीकडे नेता येतो. आकडा जास्त आहे असे म्हणणाऱ्या शेतकऱ्याला याच टप्प्यावर तशी सुटसुटीत वाट नाही. एकाच आकड्यात हितसंबंध असलेल्या दोन पक्षांना असमान संधी मिळते, हा रचनेतील दोष आहे.

न्यायालयेही येथे सावध असतात. तज्ज्ञ यंत्रणेने ठरवलेल्या उत्पादनाच्या जागी आपला अंदाज बसवणे त्यांना योग्य वाटत नाही आणि ते समजण्यासारखे आहे. म्हणूनच या गटात सरसकट 'आकडा खोटा आहे' असे म्हणणारा दावा सहसा पुढे जात नाही. 'प्रयोगांची किमान संख्या पूर्ण झाली नाही', 'अधिसूचनेतील घटक सोडून दुसऱ्या घटकाची सरासरी लावली', असे नियमभंगावर बोट ठेवणारे म्हणणे तुलनेने भक्कम ठरते. ते मांडण्यासाठी तक्ते हवेत, आणि ते मिळवण्याचे साधन माहितीचा अधिकार अधिनियम, २००५ हे आहे.

पुरावा शेतकऱ्याच्या हाती नसेल तर त्याची शिक्षा त्याला द्यावी काय, या प्रश्नाला सर्वोच्च न्यायालयाने बियाण्यांच्या संदर्भात १६ जानेवारी २०१२ रोजी उत्तर दिले आहे. नॅशनल सीड्स कॉर्पोरेशन विरुद्ध एम. मधुसूदन रेड्डी या प्रकरणात महामंडळाचा आक्षेप असा होता की, शेतकऱ्यांनी बियाण्याचा नमुना प्रयोगशाळेत तपासून घेतला नाही. बियाणे सदोष निघेल असे गृहीत धरून प्रत्येक शेतकऱ्याने त्यातील काही भाग तपासणीसाठी राखून ठेवावा, अशी अपेक्षा करता येणार नाही, असे न्यायालयाने म्हटले. बियाणे पेरले की पुरावा मातीत जातो. सरासरी उत्पादनाच्या वादात तो खळ्यावरून बाजारात जातो. जी माहिती विशेषत्वाने एका पक्षालाच ठाऊक असते ती सिद्ध करण्याचा भार त्याच्यावर असतो, हे तत्त्व पूर्वी भारतीय पुरावा अधिनियमाच्या कलम १०६ मध्ये होते व १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम १०९ मध्ये आहे. पीक कापणी प्रयोगांना ते किती प्रमाणात लावायचे, हा पुढील काळातील महत्त्वाचा कायदेशीर प्रश्न ठरेल. २०२३ च्या खरिपापासून भात व गव्हासाठी उपग्रह व अन्य तंत्रज्ञानावर आधारित उत्पादन अंदाजाला किमान ३० टक्के भार देण्यास सुरुवात झाली आहे. आकड्यातील मानवी हस्तक्षेप त्यामुळे घटेल. परंतु ज्या प्रतिमानातून आकडा निघतो ते तपासणे शेतकऱ्याला तक्ते तपासण्याहूनही अवघड जाईल.

दाद कोठे मागावी?

योजनेअंतर्गत पहिली पायरी जिल्हास्तरीय तक्रार निवारण समितीची असून तिचे अध्यक्ष जिल्हाधिकारी असतात. त्यावर राज्यस्तरीय समिती आहे. २०२४ पासून १४४४७ हा राष्ट्रीय मदत क्रमांक व त्यासोबतचे तक्रार पोर्टलही सुरू आहे. पोर्टलवरील तक्रार क्रमांक हा पुढे स्वतःच पुरावा ठरतो, म्हणून ती पायरी वगळू नये.

ग्राहक आयोगाची वाट अधिक रुळलेली आहे. विमा ही 'सेवा' असल्याचे ग्राहक संरक्षण कायद्यातच म्हटलेले आहे. योजनेत स्वतंत्र तक्रार समिती असल्याने आयोगाकडे येता येणार नाही, हा बचाव टिकत नाही. कारण १९८६ च्या कायद्याच्या कलम ३ प्रमाणे आणि २०१९ च्या कायद्याच्या कलम १०० प्रमाणे ग्राहक कायद्यातील दाद ही अन्य कायद्यांतील उपायांशिवायची, जादा दाद आहे. शेतकऱ्याने स्वतः करार केलेला नाही, हा बचावही कमकुवत झाला आहे. कर्नाटकातील एका शीतगृहाला जानेवारी २०१४ मध्ये लागलेल्या आगीत शेतकऱ्यांचा साठवलेला माल जळाला. विमा शीतगृहाच्या नावे होता. कॅनरा बँक विरुद्ध युनायटेड इंडिया इन्शुरन्स या त्या प्रकरणात फेब्रुवारी २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने, विम्याचे लाभार्थी म्हणून शेतकरी ग्राहकच ठरतात, असा निर्णय दिला. उभ्या पिकाच्या विम्यात तर शेतकरी स्वतः हप्त्याचा वाटा भरतो. सरकारने उरलेला भाग भरला म्हणून त्याचे ग्राहकत्व कमी होत नाही.

२०१९ च्या कायद्यानुसार आयोगाची आर्थिक अधिकारिता मागितलेल्या भरपाईवरून ठरत नाही, तर दिलेल्या मोबदल्यावरून ठरते. शेतकऱ्याचा हप्ता काही शे किंवा काही हजार रुपयांचा असल्याने त्याची तक्रार जिल्हा आयोगापुढेच येते. मोबदला ५ लाख रुपयांपर्यंत असल्यास शुल्क नाही. तक्रारदार जेथे राहतो तेथील आयोगात तक्रार करता येते. कंपनीचे मुख्यालय मुंबईत असो वा पुण्यात. कंपनीला राज्य आयोगात अपील करायचे झाल्यास आदेशाच्या निम्मी रक्कम आधी भरावी लागते. तक्रारीची मुदत मात्र वादकारण उद्भवल्यापासून २ वर्षे आहे आणि येथे शेतकरी हमखास अडखळतो. त्याला बहुधा लेखी नकार मिळतच नाही. खात्यात पैसे येत नाहीत, एवढेच त्याला कळते. म्हणून कंपनीकडे व बँकेकडे लेखी विचारणा करून उत्तर मागावे. नकाराचे कारण एकदा लेखी आले की कंपनीला पुढे खटल्यात नवे कारण जोडता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१६ च्या गलाडा पॉवर प्रकरणात सांगितले आहे.

उच्च न्यायालयातील रिट याचिका हा तिसरा मार्ग आहे. विमा हा करार असल्याने त्यासाठी अनुच्छेद २२६ खाली येता येणार नाही, असा आक्षेप घेतला जातो. एबीएल इंटरनॅशनल विरुद्ध एक्सपोर्ट क्रेडिट गॅरंटी कॉर्पोरेशन या डिसेंबर २००३ च्या निकालाने तो दूर केला : शासकीय संस्था मनमानी करीत असेल तर करारातून उद्भवलेल्या विमा दाव्यातही रिट चालू शकते. खासगी कंपनीच्या बाबतीत प्रश्न अधिक गुंतागुंतीचा आहे. तथापि ती शासनाच्या अधिसूचनेखाली व शासनाच्या अनुदानावर योजना राबवते, त्यामुळे राज्य शासनालाही प्रतिवादी करून अशा याचिका चालल्या आहेत. रिटमध्ये साक्षीपुरावे तपासले जात नाहीत. म्हणून संपूर्ण तालुक्याचा किंवा जिल्ह्याचा, कागदांवरून ठरणारा प्रश्न तेथे शोभतो. एका शेतात पाणी किती दिवस साचले हा प्रश्न आयोगात.

या सर्व मार्गांचे अर्थकारण शेवटी खर्चाशी येऊन थांबते. एक हेक्टरवाल्याची वरील उदाहरणातील भरपाई १२,५०० रुपये आहे. जिल्ह्याच्या ठिकाणच्या चार-पाच खेपा, बुडालेली मजुरी आणि वकिलाची फी यांतच तिचा मोठा हिस्सा संपतो. त्यामुळे एकट्याने न लढणे हा त्याच्या बाजूने तर्कशुद्ध निर्णय असतो, आणि दावा नाकारण्याचा कंपनीला पडणारा खर्च त्याच प्रमाणात कमी होतो. समान हितसंबंधाच्या अनेक ग्राहकांना आयोगाच्या परवानगीने एकत्रित तक्रार करू देणारे २०१९ च्या कायद्याचे कलम ३५(१)(क) या असंतुलनावरचा खरा उतारा आहे, पण त्याचा वापर अपवादानेच होतो. विलंबावरील दंडव्याजाचेही तसेच. २०१८ च्या सुधारणांनुसार भरपाई ठरल्या तारखेपासून दोन महिन्यांहून अधिक लांबल्यास कंपनीने शेतकऱ्याला १२ टक्के व्याज द्यायचे आहे, आणि राज्याने आपल्या हिश्शाचे अनुदान तीन महिन्यांहून अधिक थकवल्यास राज्याने. राज्याचा हिस्सा येत नाही तोवर भरपाई अडते हा नेहमीचा अनुभव असल्याने, विलंबाच्या प्रकरणात राज्य शासनाचे नाव वगळणारी तक्रार अर्धवट ठरते.

अलीकडचे दोन बदल

महाराष्ट्राने २०२३ च्या खरिपात सुरू केलेली एक रुपयातील पीक विमा योजना २०२५ च्या खरिपापासून बंद करून शेतकऱ्याचा नेहमीचा वाटा पुन्हा लागू केला. त्याच वेळी पेरणी न होणे, हंगामातील प्रतिकूल परिस्थिती, स्थानिक आपत्ती व काढणीपश्चात नुकसान ही संरक्षणे वगळून केवळ पीक कापणी प्रयोगांवर आधारित भरपाई ठेवली. सप्टेंबर २०२५ मध्ये मराठवाड्यात अतिवृष्टी व पूर आले तेव्हा या बदलाचा अर्थ शेतकऱ्यांना कळला. वर पाहिलेल्या तीन गटांपैकी ज्या गटात उस्मानाबादचे शेतकरी जिंकले होते, त्या गटातील दाव्याचा आधारच आता राज्याच्या योजनेत उरलेला नाही. उरला आहे तो सरासरीचा आकडा, जो न्यायालयात आव्हान द्यायला सर्वात कठीण आहे.

दुसरीकडे केंद्र शासनाने नोव्हेंबर २०२५ मध्ये जाहीर केले की, २०२६ च्या खरिपापासून वन्य प्राण्यांमुळे होणारे नुकसान स्थानिक आपत्तीत धरले जाईल आणि २०१८ मध्ये वगळलेले भातशेती जलमय होण्याचे संरक्षणही पुन्हा दिले जाईल. जंगलालगतच्या गावांना आणि किनारी व पूरप्रवण राज्यांना याचा मोठा लाभ होऊ शकतो. नुकसानीची सूचना पीक विमा अॅपवर, ठिकाणाची नोंद असलेल्या छायाचित्रांसह द्यायची आहे. मुदत ७२ तासांचीच आहे.